साथीला मार्गारेट

यशवंतराव चव्हाण नाट्यगृहातली मैफल सुटते, मंडळी बाहेर चहाला रेंगाळतात, गाण्यावर बोलून होतं, आणि मग कुणीतरी म्हणतंच, "पेटी काय सुंदर होती हो!" पेटीवाल्याने नेमकं काय केलं, हे मात्र कुणालाच धड सांगता येत नाही. कोथरूडमध्ये इतकी वर्षं राहून मी हा संवाद कितीदा ऐकला असेल!

मार्गारेट कझिन्स या आयरिश बाईंचं राजकारण मला नेहमी असं साथीदाराच्या कानाने ऐकावंसं वाटतं. त्या संगीताच्या पदवीधर होत्या, हा योगायोग म्हणून सोडून देण्याजोगा नाही. १८७८ साली आयर्लंडमधल्या बॉइल गावी जन्म, १९०८ मध्ये हॅना शीही-स्केफिंग्टन यांच्याबरोबर बायकांच्या मताधिकारासाठी आयरिश विमेन्स फ्रँचाइज लीगची स्थापना, १९१५ मध्ये पती जेम्स यांच्यासह मद्रास. मधल्या काळात दोनदा तुरुंग, पुढे हिंदुस्थानात तिसऱ्यांदा. निवडून मात्र त्या कधीच कुठे आल्या नाहीत. त्यांच्याच पिढीतल्या काउंटेस मार्किएविच १९१८ साली ब्रिटिश संसदेवर निवडून आल्या, तिथली जागा न घेता दुसऱ्या वर्षी बंडखोर आयरिश सरकारात मजूरमंत्री झाल्या. ती मैफलीतली तान. तिला टाळी पडणारच.

मार्गारेटबाईंचा सुरुवातीचा सूरही तसाच चढा होता. लंडनमध्ये सरकारी घरांच्या काचा फोडल्याबद्दल १९१० मध्ये होलोवेचा तुरुंग. १९१३ मध्ये डब्लिन कॅसलच्या खिडक्या फोडल्याबद्दल टलामोरचा. हिंदुस्थानात आल्यावर त्याच हातांनी एकही दगड उचलला नाही. वय झालं, थिऑसॉफीने निवळल्या, असं म्हणता येईल. मला ते पटत नाही. जिथे मैफल आपली, तिथे पट्टी आपण ठरवायची. जिथे गाणारी दुसरी, तिथे आपली पट्टी तिच्याशी जुळवायची, एवढी साधी समज त्यात दिसते.

आणि गाणाऱ्या इथे होत्याच. कर्वे पुतळ्यापासून हिंगणं फार लांब नाही. आता त्याला कर्वेनगर म्हणतात आणि तिथे रिक्षावाल्याला 'हिंगणे बुद्रुक' सांगितलं तर तो आपल्याकडे बघत राहतो. तिथेच अण्णा कर्व्यांनी १९१६ मध्ये स्त्रियांचं विद्यापीठ काढलं, तेव्हा त्याचं सदस्यत्व घेणारी पहिली अभारतीय व्यक्ती म्हणजे मार्गारेटबाई. तेव्हा त्यांना या देशात येऊन जेमतेम वर्ष झालं होतं. सावित्रीबाईंची शाळा १८४८ची, हुजूरपागा १८८४ची, रमाबाई रानड्यांचं सेवासदन पाय रोवून उभं. अशा पुण्यात येऊन 'मी तुम्हांला जागं करते' म्हणणाऱ्या गोऱ्या बाईचं हसूच झालं असतं.

आता या कारकिर्दीतल्या ज्या दोन जागांवर माझा जीव आहे, त्या सांगतो.

पहिली १९१७ची. भारतमंत्री माँटेग्यू राजकीय सुधारणांसाठी देशभर फिरत होते. मार्गारेटबाईंनी भेट मागितली ती मुलींच्या शिक्षणाबद्दल बोलायला. उत्तर आलं की शिष्टमंडळं फक्त राजकीय विषयावर भेटू शकतात. दुसरं कुणी असतं तर चिडून गप्प बसलं असतं. बाईंनी अर्जाचा विषय राजकीय करून टाकला: नव्या मतदारयाद्या कराल तेव्हा बायकांनाही माणसांत धरा. डिसेंबरात मद्रासला शिष्टमंडळ गेलं, आणि पुढे होत्या सरोजिनी नायडू. शिक्षण मागायला निघालेल्या बायका मताधिकार मागून आल्या! मताधिकार लगेच मिळाला नाही. तो प्रश्न प्रांतांवर ढकलला गेला. मद्रासने आणि मुंबईने १९२१ मध्ये दार किलकिलं केलं.

दुसरी जागा १९२६ची, आणि ती पहिलीच्या बरोबर उलट जाते. बंगालचे शिक्षणसंचालक ओटन (सुभाषबाबूंना ज्यांच्या प्रकरणावरून प्रेसिडेन्सी कॉलेजातून काढलं, तेच हे) कलकत्त्याच्या बेथून कॉलेजात म्हणाले, की बायकांनी आपल्याला कसलं शिक्षण हवं ते एका आवाजात सांगावं. मार्गारेटबाईंनी हा शब्द झेलला आणि देशभर पत्रं लिहायला घेतली. गावोगावच्या बायकांनी आधी आपापल्या सभा घ्याव्यात, काय हवं ते ठरवावं, मग प्रतिनिधी पाठवावेत. जानेवारी १९२७ मध्ये फर्ग्युसन कॉलेजात परिषद भरली. विषय काय, तर फक्त शिक्षणसुधारणा. त्यावर कोणाचा आक्षेप असणार? पण मुलगी शाळेत का येत नाही, असं विचारलं की उत्तरात बालविवाह येतो, पडदा येतो. तिथून कायदा, आणि कायद्यापाठोपाठ कायदेमंडळ. दहा वर्षांपूर्वी शिक्षणासाठी राजकारणाचं दार वाजवावं लागलं होतं, आता शिक्षणाच्या दारातून सगळं राजकारण आत आलं. हीच परिषद पुढे अखिल भारतीय महिला परिषद झाली आणि बालविवाहाला आळा घालणाऱ्या १९२९च्या सारडा कायद्यासाठी झटली.

अध्यक्ष कोण होत्या, तर बडोद्याच्या महाराणी चिमणाबाई. इथे मात्र मला थोडं अडखळायला होतं. राण्या, बेगमा, सर-साहेबांच्या पत्नी. नांगरामागची बाई त्या सभामंडपात कुठे बसली असती? मार्गारेटबाईंच्या लिखाणातही 'भारतीय स्त्रीची आध्यात्मिकता' वगैरे प्रकार अधूनमधून येतो आणि तो वाचताना चष्मा काढून पुसावासा वाटतो. त्यांच्या काळाची ही खरखर तबकडीत आहेच.

तरी कान पुन्हा मूळ कामाकडे जातो. १९२६ मध्येच त्यांनी कमलादेवी चट्टोपाध्यायांना मद्रास कायदेमंडळाच्या निवडणुकीला अगदी आयत्या वेळी उभं केलं. कमलादेवी थोडक्या मतांनी हरल्या, पण बाई उमेदवार असू शकते हे लोकांनी पाहिलं. स्वतःचं नाव पुढे करायचा मोह बाईंना कधी झालाच नसेल का?

सगळं आयुष्य मागेच राहिल्या असंही नाही. साथीदाराला एक आवर्तन स्वतःचं मिळतं, ते त्यांनी १९३२ मध्ये घेतलं. सरकारने वटहुकूम काढून भाषणस्वातंत्र्य गुंडाळलं, तेव्हा मद्रासमध्ये जाणूनबुजून त्याविरुद्ध बोलल्या आणि एक वर्षाची शिक्षा घेऊन वेल्लोरच्या तुरुंगात गेल्या. गंमत अशी, की याच बाई दहा वर्षांपूर्वी मानद दंडाधिकारी नेमल्या गेल्या होत्या, देशातली त्या पदावरची पहिली स्त्री म्हणून. खुर्ची आणि पिंजरा, न्यायालयाच्या दोन्ही बाजू पाहून झाल्या.

मदनपल्लीचा प्रसंग पुष्कळांना ठाऊक असतो. १९१९च्या फेब्रुवारीत रवींद्रनाथ तिथल्या थिऑसॉफिकल कॉलेजात उतरले होते, जेम्स तिथे प्राचार्य. कवींनी 'जन गण मन' गाऊन दाखवलं आणि मार्गारेटबाईंनी ते स्वरलिपीत उतरवलं. गाणं कवींचं, कागद बाईंचा.

महिला परिषदेचं अध्यक्षपद त्यांच्याकडे आलं १९३६ मध्ये, अहमदाबादच्या अधिवेशनात, तोवर एकापाठोपाठ एक भारतीय अध्यक्ष होऊन गेल्या होत्या. पुढे आत्मचरित्रात त्यांनी लिहिलं, की इथल्या बायका आता पुढे आल्या आहेत, आपण थेट भाग घेण्याची गरज उरली नाही, आणि त्यांना ते नकोसंही असावं, हे आपल्याला जाणवलं. यात रुसवा ऐकू येत नाही. वाद्य गवसणीत घालतानाचा शांतपणा आहे.

चरित्रकारांना अध्यक्षपदाचं वर्ष प्रिय असणार. मला त्यांचं १९२६ आवडतं. मद्रासकडच्या एका घरात टेबलावर पत्रांची चळत, अनोळखी गावांचे पत्ते, आणि प्रत्येक पत्रात तोच एक प्रश्न: तुम्हांला काय हवं आहे?