मकबऱ्याचे दोन फ्रेंच साक्षीदार

बीबी का मकबऱ्यावर लिहिणारा सहसा ताव्हेर्नियेच्या गाड्या विसरत नाही. सुरतेहून गोवळकोंड्याला जाताना, औरंगाबादपासून पाच दिवसांच्या वाटेवर, या फ्रेंच जवाहिऱ्याला संगमरवराने भरलेल्या तीनशेहून अधिक गाड्या भेटल्या. सर्वांत लहान गाडीलाही बारा बैल. दगड लाहोरकडचा, प्रवास जवळपास चार महिन्यांचा, असे तो सांगतो.

माझा आक्षेप या उताऱ्याला नाही, त्याच्या वाचनाला आहे. ताव्हेर्निये हाडाचा व्यापारी. गाड्या, बैल, दिवस मोजण्यात त्याच्यावर खुशाल विसंबावे. पण कबर व मशीद पांढऱ्या संगमरवराने मढवली आहे हे त्याचे विधान मोजून केलेले दिसत नाही. गाड्यांवरून केलेला तर्क वाटतो.

त्याचाच देशबांधव ज्याँ द थेवनो १६६६ मध्ये सुरतेला उतरला आणि औरंगाबादमार्गे गोवळकोंड्याला गेला. त्याने लिहिले ते असे: इमारत पांढऱ्या दगडाची आहे, पुष्कळांना ती संगमरवराची वाटते, पण कठीणपणात आणि चकाकीत हा दगड कमी पडतो. इथे समोर उभे राहून पाहिलेले आहे. तो ज्याला दगड म्हणतो तो बव्हंशी काळ्या दगडावर चढवलेला चुन्याचा गिलावा. खरा संगमरवर मुख्यतः भिंतींच्या खालच्या पट्ट्यात आणि घुमटावर. म्हणजे गाड्याही खऱ्या, आणि शंकाही खरी.

तरी ताव्हेर्निये गाजला. त्याचा ग्रंथ १६७६ मध्ये, त्याच्या हयातीत निघाला. थेवनो १६६७ मध्ये परतीच्या वाटेवर इराणात वारला आणि त्याचे हिंदुस्थानचे वर्णन १६८४ मध्ये छापले गेले. शिवाय तीनशे गाड्या कोणाला आवडत नाहीत?

पण ताव्हेर्नियेची अपेक्षा धरून मकबऱ्यात शिरणाऱ्याला गिलावा ही फसवणूक वाटते आणि ‘गरिबांचा ताज’ हा शेरा तयारच असतो. थेवनो वाचून गेलो की तीच चुनेगच्ची, बघणाऱ्यांना संगमरवर भासावी इतकी घोटलेली, कारागिरी म्हणून दिसते. दरवाज्यावरच्या लेखात अताउल्ला आणि हंसपत राय यांची नावे आहेत. चुना घोटणाऱ्यांच्या हातांची साक्ष थेवनोच्या या एका वाक्यात उरली आहे. सुरेंद्रनाथ सेन यांनी १९४९ मध्ये त्याचा प्रवास संपादित करून इंग्रजीत उपलब्ध केला. मकबऱ्यावरच्या मराठी लेखनात ताव्हेर्नियेशेजारी तो उतारा छापायला एक परिच्छेद पुरेल.