मांजर, मांस आणि मौलाना

मुल्ला नसरुद्दीन मराठीत बरीच वर्षे नांदतो आहे. बालवाचनाच्या पुस्तकांत तो भेटतो, रजनीशांच्या प्रवचनांच्या अनुवादांत भेटतो. तरीही आम्हांला असे वाटते की, मराठीत आला तो त्याचा किस्सा. त्या किश्शाचा सूफी अर्थ मात्र वेशीबाहेरच राहिला.

मांजराचीच गोष्ट घ्या. घरधन्याने पाहुण्यासाठी मांस आणले. बायकोने ते फस्त केले आणि आळ मांजरावर घेतला. नवऱ्याने तराजू काढून मांजर तोलले, तर वजन मांसाइतकेच भरले! हे मांजर असेल तर मांस कुठे गेले, आणि हे मांस असेल तर मांजर कुठे, असा त्याचा रोकडा सवाल. नसरुद्दीनच्या नावावर छापलेला किस्सा इथे संपतो. मौलाना रूमींच्या मसनवीच्या पाचव्या दफ्तरात मात्र खरी गोष्ट इथूनच सुरू होते. मौलाना लगेच बायजीद बिस्तामींकडे वळतात. हा देह म्हणजे बायजीद म्हणावे, तर ती रूह कोण? रूह म्हणजे बायजीद म्हणावे, तर हा देह कोणाचा? मग पिकाचा दाखला येतो. दाणा मुख्य, धाट दुय्यम. पण दोन्ही मिळूनच पीक. स्वयंपाकघरातला तराजू वाचकाच्या नकळत त्याच्यापुढे येऊन ठेपतो. आता तोलायचे आहे ते त्याला स्वतःला.

दुसऱ्या दफ्तरातली जूहीची गोष्ट आम्हांला याहून मोठी वाटते. बापाच्या जनाज्यापुढे एक मुलगा आक्रोश करतो आहे : जिथे चटई नाही, दिवा नाही, भाकरी नाही, अशा घरी तुम्हांला नेताहेत! हे ऐकून गरीब जूही आपल्या बापाला म्हणतो, अब्बा, हे तर मयत आपल्याच घरी घेऊन चाललेत! हसू येते आणि तिथेच अडकते. दारिद्र्यावरची इतकी जळजळीत टीका एरवी पानभर लिहूनही साधत नाही. मौलाना मात्र दारिद्र्यावरही थांबत नाहीत. ज्या काळजात अल्लाहचा नूर पोहोचत नाही, ते काळीजही असेच कबरीसारखे अंधारे, असे ते सांगतात. म्हणजे कबर जूहीच्या घरात होती, ती आता श्रीमंताच्या छातीत निघाली.

सूफींच्या विनोदाचा रोख असा ऐकणाऱ्याच्या नफ्सवर असतो. मराठीत तो रोख फिरला. तुर्की माणूस नसरुद्दीनला 'होजा' म्हणतो, म्हणजे गुरुजी. आपल्याच गुरुजीला हसताना तो स्वतःलाही हसत असतो. आक्शेहिरला या होजाची कबर दाखवतात : बाजू उघड्या आणि दाराला भलेमोठे कुलूप! इकडे मात्र 'मुल्ला' हा शेजारच्या मोहल्ल्यातला माणूस. त्याला हसताना वाचकाच्या अंगाला काही लागत नाही. वर्गात हा धडा ऐकणाऱ्या मुसलमान पोराला मात्र ते लागते.

इद्रिस शाह यांनी १९६६ साली इंग्रजीत नसरुद्दीनचे किस्से सूफी साधनेचे साधन म्हणून मांडले. होजा स्वतः सूफी होता की नाही, हा वाद आम्हांला फारसा महत्त्वाचा वाटत नाही. सूफींनी थट्टेला शिकवणीत जागा दिली, एवढे मसनवीच पुरेसे सिद्ध करते.

दोष केवळ इतरांचा नाही. आमच्या वाजच्या मजलिसीत मौलानांचे नाव अदबीने निघते. जूही आणि मांजर मात्र दाराबाहेर राहतात. निकल्सनसारख्या अभ्यासकालाही मसनवीतल्या काही चावट गोष्टींचा संकोच वाटला. इंग्रजी अनुवादात तेवढा भाग त्याने लॅटिनमध्ये घातला! मौलानांनी स्वतः तो पडदा ठेवला नव्हता.

आमच्यातल्या फारसी जाणणाऱ्या लेखकांनी मसनवीतल्या अशा दहा-बारा गोष्टी जरी मराठीत आणल्या, तरी खूप होईल. अट एकच : किस्सा आणि त्यापाठचे मौलानांचे भाष्य एकाच पानावर छापावे. शाळकरी वाचकासाठी काढलेल्या आवृत्तीतही.