ह्लादीकने गाळलेले ठोके

यारोमिर ह्लादीक हा बोर्हेस यांच्या १९४३ मधील ‘गुप्त चमत्कार’ या कथेचा नायक. प्रागमधील ज्यू पंडित. १९३९ च्या मार्चमध्ये जर्मन सैन्य प्रागमध्ये शिरते आणि त्याला देहदंड फर्मावला जातो. (गेस्टापो अधिकाऱ्याला त्याची थोरवी पटते ती एका प्रकाशकाच्या अतिशयोक्त ग्रंथसूचीवरून, विद्याव्यासंगाच्या वाट्याला आलेला हा उपरोध क्रूरच म्हटला पाहिजे.) अपुरे पद्यनाटक पूर्ण करण्यासाठी तो ईश्वराजवळ एक वर्ष मागतो. गोळ्या सुटण्याच्या क्षणी जग थांबते, वर्ष मिळते.

या वर्षाला मृत्यूवरील विजय मानण्याचा मोह होतो. संहितेत त्यास आधार नाही. त्या अवधीत ह्लादीक काय करतो, हे पाहणे अधिक उद्बोधक ठरेल. मूळ आराखड्यात नाटकाच्या आरंभी घड्याळात सात वाजतात आणि अखेरीसही सातच. काळ सरलाच नाही, याची ती खूण. स्वतः थिजलेल्या काळात उभा असताना त्याला हे ठोके फार उघड वाटतात, व तो ते गाळतो. उलट, समोर रोखून उभ्या असलेल्या चेहऱ्यांपैकी एक सतत न्याहाळून तो रोमरश्टाट या पात्राचा स्वभाव बदलतो. काळाची क्रममालिका नाकारणारा ग्रंथ लिहिलेला हा तत्त्वचिंतक नाटककार या नात्याने आपल्या मारेकऱ्याच्या मुद्रेचा ऋणी होतो. आणि हे सारे कोणासाठी? वाचक नाही, कागद नाही. ईश्वराच्या वाङ्मयीन अभिरुचीविषयीही त्याला काही ठाऊक नाही.

अखेरचे विशेषण सापडते. गालावरचा पावसाचा थेंब ओघळतो. नऊ वाजून दोन मिनिटांनी ह्लादीक मरतो.