‘स्मृतिचित्रे’ : श्रद्धा, संसार आणि महत्त्वाकांक्षा

नाशिकजवळील जलालपूर येथे जन्मलेल्या लक्ष्मीबाई टिळक यांच्या ‘स्मृतिचित्रे’ (१९३४-३७) या आत्मचरित्रावर विजया मेहता यांनी चित्रकृती दिग्दर्शित केली. लक्ष्मीबाईंची भूमिका सुहास जोशी यांनी साकारली. या कथेचे नाट्य केवळ धर्मांतराच्या प्रसंगात शोधणे अपुरे ठरते. नारायण वामन टिळकांनी १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतला, लक्ष्मीबाईंनी १९०० मध्ये. खरे नाट्य या मधल्या पाच वर्षांत आहे. पतीकडे परतल्यावरही त्यांनी सोवळे सोडले नाही; आधी जातिभेद गळाला, मग श्रद्धा आली. म्हणून त्यांचे धर्मांतर हे पातिव्रत्याचे अनुकरण मानणे अन्यायकारक होय. टिळकांच्या महत्त्वाकांक्षेची किंमत संसाराने मोजली. १९१७ मध्ये मिशनची नोकरी सोडून त्यांनी ‘देवाचा दरबार’ उभारला. त्यांचे अपूर्ण राहिलेले ‘ख्रिस्तायन’ मात्र लक्ष्मीबाईंनी पूर्ण केले.

सोसणारी लक्ष्मीबाई आणि पुढे त्या सोसण्याकडे पाहून हसणारी लक्ष्मीबाई यांत काळाचे अंतर आहे. अभिनय सोसणे दाखवू शकतो. मागे वळून हसणे हे निवेदनाचे कार्य आहे. रूपांतराची खरी कसोटी तेथेच लागते.