गाणे, चित्र आणि गळके छप्पर

कलावंताने गायिलेले गाणे सृष्टी होऊन समोर उभे राहिले, रंगविलेल्या झाडाची पाने खरोखर वाऱ्यावर हलू लागली, तर ती निर्मिती कोणाची म्हणावी? कलावंताची, की त्याच्या कलेला अस्तित्व बहाल करणाऱ्याची? इंग्रज कॅथॉलिक लेखक जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) यांच्या दोन लहान रचनांनी हा प्रश्न मांडला आहे. एकीत अशी अद्भुत कला गाण्याची आहे, दुसरीत चित्राची. दोन्ही एकत्र ठेवून वाचल्या की प्रश्नाचे मोल कळते, असे आम्हांस वाटते.

पहिली रचना 'आइनुलिन्दाले', म्हणजे 'द सिल्मरिलियन' या ग्रंथाच्या आरंभीची सृष्टिकथा. ग्रंथ लेखकाच्या मृत्यूनंतर १९७७ साली पुत्र ख्रिस्तोफर यांनी संपादून प्रसिद्ध केला. इलुवातार हा एकमेव परमेश्वर 'आइनूर' नावाचे देवदूतांसारखे आत्मे निर्माण करतो, त्यांना एक स्वरविषय देतो आणि तो एकत्र फुलवायला सांगतो. त्यांतला सर्वांत गुणसंपन्न मेल्कोर त्या गाण्यात स्वतःच्या मोठेपणाचे सूर घुसवू लागतो आणि बेसूर माजतो. परमेश्वर त्याला गप्प करीत नाही. तो नवे विषय देतो. तिसरा विषय मृदू आणि दुःखाने ओथंबलेला आहे. त्याचे सौंदर्य मुख्यतः त्या दुःखातूनच येते, आणि मेल्कोरच्या गोंगाटातले चढे स्वरही तो आपल्यात विणून घेतो.

येथे एक बारकावा ध्यानी घ्यावा. गाणे आपोआप जग होत नाही. परमेश्वर 'एआ', म्हणजे 'असो', असे म्हणतो तेव्हाच जग अस्तित्वात येते. शिवाय गाणारे त्या जगात उतरतात तेव्हा काहीच घडलेले नसते. जे गायिले ते त्यांना युगानुयुगे कष्टून घडवावे लागते. 'उत्पत्ती'च्या पहिल्या अध्यायाशी परिचित असलेल्या वाचकाला ही मांडणी परकी वाटणार नाही. सेंट अँड्र्यूज विद्यापीठात १९३९ साली दिलेल्या परीकथांवरील व्याख्यानात टॉल्किन यांनी हाच विचार मांडला: माणूस निर्माता नव्हे, उपनिर्माता आहे.

तरीही या भव्य कथेपाशी आमचे समाधान होत नाही. बेसूरही अखेर सुरात सामावतो, हे सांगणे सोपे असते. ज्या घरातला कर्ता मुलगा गेला त्या घरी जाऊन ते सांगवत नाही. टॉल्किन यांनी हे विधान सुखासीनतेतून केले, असे मात्र कोणी म्हणू नये. वयाच्या बाराव्या वर्षी ते आईवडिलांविना पोरके झाले होते आणि १९१६ साली सोमच्या रणभूमीवर लढले होते. कथेत मेल्कोरच्या कडाक्याच्या थंडीतून हिमाची नक्षी जन्मते, हा प्रसंग सुंदर आहे. परंतु थंडीने काकडून मेलेल्याला त्या नक्षीचे काय? आइनूर मर्त्य नाहीत, आणि त्यांच्यापैकी कोणाचेही छप्पर गळत नाही.

छप्पर गळते ते दुसऱ्या कथेत. 'लीफ बाय निगल' ही कथा जानेवारी १९४५ मध्ये 'डब्लिन रिव्ह्यू' या कॅथॉलिक त्रैमासिकात आली. निगल हा साधा चित्रकार. एका पानापासून सुरू झालेले त्याचे झाड वाढत जाते, पण चित्र पुरे होत नाही, कारण शेजारी सारखा अडचणी घेऊन येतो. शेजाऱ्याचे नाव पॅरिश, म्हणजे आपल्या भाषेत धर्मग्राम! पाय अधू, बायको आजारी, वादळात घराची कौले उडालेली. निगल कुरकुरतो, पण भर पावसात सायकलवरून डॉक्टर आणायला जातो आणि तापाने अंथरूण धरतो. तेवढ्यात न टाळता येणाऱ्या प्रवासाचे बोलावणे येते. मागे राहिलेला कॅनव्हास शेजाऱ्याच्या घराला ठिगळ लावण्याच्या कामी येतो.

शुद्धिस्थानाची आठवण करून देणाऱ्या एका कष्टाच्या मुक्कामानंतर निगलला त्याचे झाड दिसते. ते पुरे झालेले आहे आणि जिवंत आहे. ते आपण मिळविले असे त्याला वाटत नाही. ते त्याला दान वाटते. त्याच्या सर्वांत रेखीव पानांत पॅरिशचाही हात असल्याचे त्याला उमगते. ज्या शेजाऱ्याने आपला वेळ खाल्ला असे वाटले होते, तोच चित्रात भागीदार निघतो.

आमच्या मते, गाण्याच्या कथेने जे तत्त्व सांगितले, ते या कथेने किंमत मोजून सिद्ध केले आहे. शिवाय ती फक्त कलावंताला बोध करून थांबत नाही. पॅरिशनेही आयुष्यभर ते चित्र नीट पाहिलेले नसते. त्याला निगलच्या बागेतले तण तेवढे दिसत असे. आपल्या धर्मग्रामांत कोणी नाटक लिहितो, कोणी चर्चच्या गायनवृंदासाठी चाली बांधतो. मंडप घालायला, वर्गणी गोळा करायला आपण त्यांना हक्काने हाक मारतो, आणि मारावीही. परंतु त्यांनी काय लिहिले, काय रचले, हे विचारायला त्यांच्या दारी आपल्यापैकी किती जण जातात? ही कथा वाचून निदान एका घरी कोणी तसे गेले, तर तिचे वाचन सार्थकी लागले असे आम्ही समजू.