'कसूर' आणि गैरहजेरी : दिवाणी दाव्यांच्या निकालपद्धतीची चिकित्सा (शिरूर व दौंड परिसराच्या विशेष संदर्भात)

प्रस्तावना

पुकारा झाल्यावर प्रतिवादी हजर आहे, त्यास दावा मान्य नाही आणि वादी गैरहजर आहे, अशा वेळी दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ९ नियम ८ अन्वये दावा काढून टाकला जातो. वादीस दावा चालविण्यात स्वारस्य नाही, असे यामागील गृहीतक आहे. परंतु गैरहजेरी ही घटना असून स्वारस्याचा अभाव हे केवळ अनुमान होय. या दोहोंतील अंतर कायदा कितपत ओळखतो, याची चिकित्सा प्रस्तुत लेखात केली आहे.

इतिहासाचा दाखला

पुणे जिल्ह्याच्या या पूर्व भागास हा प्रश्न नवा नाही. डिसेंबर १८७४ मध्ये शिरूर तालुक्यातील करडे येथे सावकारांवरील बहिष्कारास प्रारंभ झाला. १२ मे १८७५ रोजी तत्कालीन भीमथडी तालुक्यातील सुपे येथे दंगल उसळली. आजचा दौंड तालुका हा त्याच भीमथडीचा भाग होता. दंगलकर्त्यांचा रोख मुख्यतः कर्जरोखे व हुकूमनामे यांवर होता. सावकारांच्या दाव्यांत कुळे हजर राहत नसल्यामुळे फार मोठ्या प्रमाणावर एकतर्फी हुकूमनामे होत, हे चौकशी आयोगाने दाखवून दिले. परिणामी १८७९ च्या दख्खन शेतकरी साहाय्य कायद्याने प्रतिवादीची जबानी घेण्याची व व्यवहाराचा मुळापासून तपास करण्याची जबाबदारी न्यायालयावर टाकली. मौन म्हणजे कबुली हे गृहीतक येथे नाकारले गेले. तेव्हाचा गैरहजर पक्षकार प्रतिवादी होता, नियम ८ चा गैरहजर पक्षकार वादी आहे. प्रश्न मात्र तोच आहे.

नियमातील विषमता

दोन्ही पक्षकार गैरहजर असल्यास नियम ४ अन्वये मुदतीच्या अधीन राहून नवा दावा आणता येतो. वादी एकटाच गैरहजर असल्यास मात्र नियम ९ मुळे त्याच कारणावरून नवा दावा आणण्यास मनाई होते. पुरेसे कारण दाखवून तोच दावा पुन्हा नंबरावर घेण्याची मागणी करणे, एवढाच मार्ग उरतो. मुदत कायदा, १९६३ च्या अनुच्छेद १२२ नुसार त्यासाठी ३० दिवस मिळतात व ते दावा काढून टाकल्याच्या तारखेपासून मोजले जातात. याउलट, समन्सची रीतसर बजावणी न झालेल्या प्रतिवादीची मुदत अनुच्छेद १२३ प्रमाणे हुकूमनाम्याची माहिती झाल्यापासून सुरू होते. वादीस स्वतःच्या दाव्याची तारीख ठाऊकच असते, असे यामागे गृहीत आहे. रांजणगावच्या औद्योगिक वसाहतीतील कामगार किंवा ऊसतोडीत गुंतलेला दौंडचा शेतकरी यांना तारीख बहुधा वकिलामार्फतच कळते. तो दुवा तुटला की दावा निघाल्याचे समजण्यापूर्वीच मुदत उलटते आणि विलंब माफीचा स्वतंत्र अर्ज करावा लागतो.

रफिक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) या प्रकरणात वकिलाच्या चुकीची शिक्षा ग्रामीण पक्षकारास होऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. सलिल दत्त प्रकरणात (१९९३) मात्र कलकत्त्यातील एका कंपनीस ही सवलत नाकारली. पक्षकार कोण आहे, याचा विचार न्यायालय करते हे यावरून स्पष्ट होते. परंतु हा विचार दाद नाकारली गेल्यानंतर होतो, आधी नव्हे.

प्रतिपक्षाची बाजू

नियमाची आवश्यकता नाकारता येत नाही. तात्पुरता मनाई हुकूम मिळवून वर्षानुवर्षे तारखेस न फिरकणारा वादी समोरच्याची जमीन अडकवून ठेवतो. २००२ पासून अमलात आलेली तीन तहकुबींची मर्यादा याच अनुभवातून आली. तथापि हेतुपुरस्सर टाळाटाळ व अनभिज्ञता यांना एकच माप लावणे न्याय्य नव्हे.

समारोप

दावा काढून टाकण्यापूर्वी वादीस वकिलाव्यतिरिक्त थेट एक नोटीस द्यावी, ती बजावल्याची नोंद रोजनाम्यात असावी आणि नोटीस न मिळालेल्या वादीची मुदत माहितीच्या तारखेपासून मोजावी, असे सुचवावेसे वाटते. असे दावे गुणदोषांवर झालेल्या निकालांपासून वेगळे मोजले जावेत, हेही आवश्यक आहे. अन्यथा प्रलंबित दाव्यांची संख्या घटेल. बांधावरचा तंटा मात्र तसाच राहील.