हाक्यातला माणूस

हाका घालून करावयाच्या इंग्रजी शिकारीत शिकारी पाखरामागे जात नाही. पाखरूच शिकाऱ्याकडे आणले जाते. उत्तरेकडील माळांवर १२ ऑगस्टला सुरू होणारी ग्राउसची शिकार असो की रानाकडेची फेझंटची, गावकरी ओळीने हाका घालीत पाखरे उठवितात आणि निमंत्रित पाहुणे नेमल्या जागी उभे राहून ती टिपतात. या मांडणीतच एका समाजाचे चित्र आहे. इसाबेल कोलगेट यांनी ते ‘द शूटिंग पार्टी’ (१९८०) या कादंबरीत रेखाटले आहे.

काळ १९१३ च्या शरदाचा. स्थळ ऑक्सफर्डशायरमधील सर रँडॉल्फ नेटलबी यांची जहागीर. लॉर्ड गिल्बर्ट हार्टलिप हा नाणावलेला नेमबाज. पण लायोनेल स्टीफन्स त्याच्याहून सरस ठरू लागतो. नेमबाजीत उघड चढाओढ करणे या मंडळींत असभ्य गणले जाते. ईर्ष्येपुढे हा संकेत टिकत नाही, आणि हार्टलिपच्या उतावीळ बारास टॉम हार्कर हा हाकारा बळी पडतो.

लेखिकेने शिकारीचा निषेध कॉर्नेलियस कार्ड्यू या प्राणिमित्राकडे सोपविला आहे, आणि त्याला किंचित हास्यास्पदही केले आहे. तिला कुतूहल आहे ते निराळेच: शिष्टाचार हाच ज्यांचा धर्म, त्यांच्यापाशी तो मोडल्यावर काय उरते? हार्कर हा चोरून शिकार करणारा. तेच पाखरू रात्री त्याने मारले तर चोरी, दिवसा पाहुण्याने मारले तर आतिथ्य! हा विरोध लेखिका शब्दाने बोलून दाखवीत नाही. प्रसंगांतून उभा करते. तिचा हा संयम आम्हांस फार मोलाचा वाटतो.

तथापि आमची एक तक्रार आहे. अपघाताची वार्ता आरंभीच देऊन लेखिका तिच्यावर येऊ घातलेल्या महायुद्धाची छाया पाडते. त्यामुळे हार्करचे मरण त्याचे स्वतःचे राहत नाही. वरिष्ठ वर्गाच्या अस्ताचे ते पूर्वचिन्ह बनते. जिवंतपणी पाखरे उठविण्याच्या कामी आलेला हा माणूस मेल्यावर प्रतीकाच्या कामी येतो.

ग्वाल्हेर-बडोद्याकडील वाचकांना हाका अपरिचित नाही. संस्थानी शिकारीच्या आठवणींत वाघाची लांबी इंचांसह सापडते. हाकाऱ्याचे नाव क्वचितच. कोलगेट यांनी निदान त्याला नाव दिले. त्याची कथा लिहिली जाणे अजून बाकी आहे, असे आम्हांस वाटते.